चलच्चित्रांचा शोध व त्यांचें प्रामाण्य

इतिहासाचीं साधनें म्हटलीं म्हणजे दप्तरें, सनदा, शकावल्या, ताम्रपट व नाणीं यांकडे आपली दृष्टि साहजिकच वळते. कै. विश्वनाथ काशीनाथ राजवाडे यांच्या 'मराठ्यांच्या इतिहासाचीं साधनें' या मालेचा पहिला खंड १८९८ सालीं प्रसिद्ध झाला व जुन्या कागदांच्या शोधास महाराष्ट्रांत नवी गति मिळाली. त्याच १८९८ सालीं पॅरिस येथें बोलेस्लास मातुशेव्स्की या पोलिश छायाचित्रकारानें एक लहानशी पुस्तिका छापली. चलच्चित्र हें इतिहासाचें नवें साधन आहे व त्याच्या जतनासाठीं स्वतंत्र संग्रह स्थापन झाला पाहिजे, असें तींत त्यानें प्रतिपादिलें होतें. ल्यूमिएर बंधूंचें चलच्चित्र त्या वेळीं पुरतें तीन वर्षांचेंहि नव्हतें. राजवाड्यांची हांक महाराष्ट्रानें ऐकली. मातुशेव्स्कीची हांक बहुतेक देशांनीं फार उशिरां ऐकली. आपल्या देशांत चित्रपटांचा राष्ट्रीय संग्रह पुणें येथें स्थापन होण्यास १९६४ साल उजाडावें लागलें. मधल्या ६६ वर्षांत काय नाहींसें झालें, जें उरलें तें कसें सांपडलें, आणि सांपडलेलें चित्र नव्या बोलपटांत घालणारानें त्यास कोणत्या कसोट्या लावाव्या, याचा विचार प्रस्तुत लेखांत करावयाचा आहे.

अलीकडे ऐतिहासिक माहितीपट पुष्कळ निघतात. त्यांत जुनीं चलच्चित्रें घालावयाचीं तर तीं कोठें आहेत, कोणाच्या ताब्यांत आहेत, वापरण्याची परवानगी कोण देणार व दर फुटामागें किंवा दर सेकंदामागें काय आकार पडणार, हें सर्व शोधून काढणारा स्वतंत्र वर्गच निर्माण झाला आहे. या मंडळींचें काम वरवर पाहतां व्यापाराचें वाटतें. पण जो मनुष्य वाड्याच्या माळ्यावरचें दप्तर उतरवून त्यांतील एक कागद ओळखतो, त्याच्याच जातीचें तें आहे. म्हणून पोथ्यांचा व कागदांचा संग्रह करणाऱ्या वाचकांस त्याची ओळख असणें इष्ट आहे.

(१) साधनाचें स्वरूप

प्रथम या 'पोथी'चें शरीर कसें असतें तें पाहूं. नित्याच्या ३५ मिलिमीटर रुंदीच्या फितीवर एका फुटांत १६ चित्रें असतात. मूकपटांच्या काळीं सेकंदास सुमारें १६ चित्रें अशी गति साधारणतः धरीत. बोलपट आल्यावर ती २४ अशी कायम झाली. या एका भेदामुळें किती घोटाळे होतात पाहा. फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' ३,७०० फूट लांब होता असें नमूद आहे. सेकंदास १६ चित्रें धरलीं तर तो सुमारें ६२ मिनिटें चालतो. २४ धरलीं तर सुमारें ४१ मिनिटें. एका ग्रंथांत तासाभराचा व दुसऱ्यांत चाळीस मिनिटांचा असा उल्लेख दिसला म्हणजे दोन निरनिराळ्या प्रती होत्या असें अनुमान काढूं नये. जुन्या मूक चित्रांतील माणसें तुरुतुरु धांवल्यासारखीं दिसतात त्याचेंहि बरेंचसें कारण हेंच. सेकंदास १६ चित्रें घेतलेली फीत २४ च्या गतीनें चालविली म्हणजे प्रत्येक हालचाल दीडपट वेगानें होते. गांधीजींच्या चालण्याचा वेग अशा फितीवरून ठरवूं पाहणारा फसलाच म्हणून समजावें.

फितीचें द्रव्यहि लक्षांत घेण्याजोगें आहे. १९५० च्या सुमारापर्यंतच्या बहुतेक ३५ मिलिमीटर फिती सेल्युलोज नायट्रेटच्या असत. हा पदार्थ अत्यंत ज्वालाग्राही; एकदां पेटला म्हणजे पाण्यानेंहि विझत नाहीं. न जळला तरी तो कालांतरानें चिकट होतो, त्याची घट्ट वडी बनते व शेवटीं भुगा होतो. त्यामागून आलेल्या ॲसिटेटच्या फितींस आगीचें भय तितकें नाहीं. परंतु दमट हवेंत त्या आंबतात व त्यांस शिरक्याचा वास येऊं लागतो. आमच्या पोथ्यांस कसर व वाळवी हे दोन शत्रू. फितींस अग्नि, आर्द्रता आणि तिसरा मनुष्याचा लोभ. चित्राच्या थरांत चांदी असते. खेळ संपले, भाडें येईनासें झालें, म्हणजे फिती धुऊन ती चांदी काढून घेण्याची चाल होती. वितळवून टाकलेल्या देवीच्या टांकाप्रमाणें अशा चित्राचा मागमूसहि उरत नाहीं.

(२) काय गेलें

या संहाराचें मान कळण्यास आपल्या प्रांतांतीलच उदाहरणें पुरेशीं आहेत. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनीं १८९९ सालीं मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्यें पुंडलीकदादा व कृष्णा न्हावी या दोन मल्लांची कुस्ती चित्रित केली. फीत धुण्यासाठीं लंडनला पाठवावी लागली. केंब्रिजला सीनियर रँग्लर होऊन रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे १९०१ सालीं परत आले तेव्हां मुंबईंत झालेल्या त्यांच्या स्वागताचेंहि चित्र त्यांनीं घेतलें. भारतीय मनुष्यानें घेतलेलें हें पहिलें वृत्तचित्र होय असें मानितात. दोहोंपैकीं एकहि आज उपलब्ध नाहीं. बाबूराव पेंटर यांचे 'सैरंध्री' (१९२०) व 'सावकारी पाश' (१९२५) हे मूकपट केवळ छायाचित्रांवरून व पाहणारांच्या आठवणींवरून ठाऊक आहेत. १४ मार्च १९३१ रोजीं मुंबईंत लागलेला पहिला बोलपट 'आलम आरा' याचीहि प्रत नाहीं. भारतांत हजारांहून अधिक मूकपट निघाले. त्यांपैकीं संपूर्ण उरलेले बोटांवर मोजण्याइतकेच. इतकें करून जानेवारी २००३ मध्यें पुण्यासच लागलेल्या आगींत संग्रहालयाच्या नायट्रेट फितींचा मोठा सांठा भस्मसात् झाला.

काळाच्या उदरांत गेलेल्यांपैकीं एक प्रकार असा आहे कीं, चित्र जपून ठेवणारी संस्थाच त्या क्षणीं अस्तित्वांत नव्हती. दुसऱ्या महायुद्धाच्या काळीं सरकारनें वृत्तचित्रें काढण्यासाठीं 'इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया' हें खातें चालविलें व १९४६ सालीं तें मोडून टाकलें. 'फिल्म्स डिव्हिजन' १९४८ सालीं निघालें. भारत स्वतंत्र झाला तो दिवस, १५ ऑगस्ट १९४७, नेमका या दोहोंच्या मधल्या रिकाम्या जागेंत पडला. म्हणून त्या दिवसाचीं जीं चित्रें आपण पाहतों तीं खासगी छायाचित्रकारांनीं व परदेशी वृत्तचित्र-कंपन्यांनीं घेतलेलीं आहेत. राज्याभिषेकाचें वर्णन दरबारच्या बखरकाराऐवजीं वखारवाल्यांच्या पत्रांतून वाचावें लागावें, तसाच हा प्रकार आहे.

(३) शोधाचे दोन नमुने

आतां शोध कसा लागतो तें पाहूं. जुन्या फिती जमवून त्यांचा नवा इतिहासपट रचण्याचें काम पहिल्यानें मोठ्या प्रमाणावर एका रशियन बाईनें केलें. एस्फीर शुब हिनें १९२७ सालीं 'रोमानोव्ह घराण्याचा अंत' हा चित्रपट तयार केला. त्यासाठीं तिनें तळघरांत कुजत पडलेल्या सुमारें ६०,००० मीटर फिती तपासल्या. त्यांत खुद्द झारच्या घरगुती चित्रांचाहि समावेश होता.

आपल्याकडील याच तोडीचा पुरुष म्हणजे तामिळ प्रवासवर्णनकार ए. के. चेट्टियार (१९११-१९८३). जपानांत व अमेरिकेंत छायाचित्रणाचें शिक्षण घेऊन १९३७ च्या ऑक्टोबरांत हे आटलांटिक महासागर ओलांडीत असतां गांधीजींच्या चरित्राचा चित्रपट करावा, परंतु नटांकरवीं नव्हे, तर जगांत ठिकठिकाणीं घेतल्या गेलेल्या खऱ्या चित्रांचाच करावा, अशी कल्पना त्यांस सुचली. त्यानंतर सुमारें तीन वर्षें त्यांनीं दक्षिण आफ्रिका, युरोप व अमेरिका पालथी घातली. सुमारें १ लाख मैलांचा प्रवास करून, ३० वर्षांत सुमारें १०० छायाचित्रकारांनीं घेतलेल्या ५०,००० फूट फिती त्यांनीं जमविल्या. हें काम किती बिकट होतें याची कल्पना एका गोष्टीवरून येईल. १९३० सालच्या दांडीयात्रेचीं मुंबईच्या चित्रपट-मंडळ्यांनीं घेतलेलीं चित्रें सरकारनें दाखवूं दिलीं नव्हतीं. ज्याच्याजवळ अशी फीत असेल तो ती आहे असें कबूल करण्यासहि कचरणार, हें उघड आहे. तरीहि २३ ऑगस्ट १९४० रोजीं चेट्टियारांचा १२,००० फूट लांबीचा 'महात्मा गांधी' हा तामिळ चित्रपट प्रदर्शित झाला. म्हणजे जमविलेल्या दर चार फुटांपैकीं जेमतेम एक फूट त्यांनीं घेतला.

पुढची हकीकत अधिक शोचनीय आहे. ज्या गृहस्थानें जगभरच्या विखुरलेल्या फिती एकत्र केल्या, त्याच्याच चित्रपटाची मूळ तामिळ प्रत नाहींशी झाली. त्यावरून अमेरिकेंत तयार केलेली व १९५३ सालीं दाखविलेली आंखूड इंग्रजी आवृत्ति तेवढी तेथील विद्यापीठाच्या संग्रहांत राहिली, व इतिहासकार ए. आर. वेंकटाचलपति यांनीं २००६ च्या सुमारास ती उजेडांत आणिली. मूळ ग्रंथ नष्ट होऊन परभाषेंतील संक्षेप उरावा, हें संस्कृताच्या अभ्यासकांस नवें नाहीं. कित्येक बौद्ध ग्रंथ आज तिबेटी व चिनी भाषांतरांतच वाचावे लागतात.

चेट्टियारांच्या पश्चात् गांधीचरित्राचें हें काम मुंबईचे विठ्ठलभाई झवेरी यांनीं तडीस नेलें. दीनानाथ गोपाळ तेंडुलकर या आपल्या मराठी गृहस्थांनीं लिहिलेल्या आठ खंडांच्या 'महात्मा' या चरित्राच्या प्रकाशनांत झवेरी सहभागी होते. १९६८ सालीं त्यांनीं ३३ रिळांचा, सुमारें साडेपांच तासांचा चित्रपट पुरा केला. लिखित चरित्रासाठीं जमविलेली तारीखवार माहिती हातीं असल्यामुळें चित्रांची तारीख पडताळणें त्यांस शक्य झालें असलें पाहिजे. चित्राचा शोध व कागदाचा शोध हे एकमेकांचा हात धरूनच चालतात.

दुसरा नमुना पुण्याचे पी. के. नायर (१९३३-२०१६) यांचा. राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या स्थापनेपासून १९९१ पर्यंत त्यांनीं तेथें सेवा केली व सुमारें १२,००० चित्रपट जमविले. त्यांपैकीं सुमारें ८,००० भारतीय. दादासाहेब फाळके १९४४ सालीं नाशिक येथें निवर्तले. त्यांच्या कुटुंबीयांकडे राहिलेले फितींचे तुकडे मिळवून नायरांनीं ते जुळविले. 'कालिया मर्दन' (१९१९) हा फाळक्यांच्या कन्येनें बालकृष्णाची भूमिका केलेला मूकपट आज बऱ्याच अंशीं पाहावयास मिळतो, तो या खटपटीमुळें. सुटीं पानें हातीं आल्यावर त्यांचा क्रम लावण्याचें काम ज्यांनीं केलें आहे, त्यांस त्या श्रमांची किंमत सांगावयास नको.

(४) 'राजा हरिश्चंद्रा'ची प्रत कोणती?

येथवर शोधाचा विचार झाला. पण सांपडलेल्या वस्तूचें नांव बरोबर आहे काय, हा प्रश्न त्याहून महत्त्वाचा आहे.

'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजीं गिरगांवच्या कोरोनेशन सिनेमांत लागला. त्याचीं चार रिळें होतीं. संग्रहालयांत पहिलें व शेवटचें अशीं दोनच रिळें आहेत. तीं १९१३ चीं म्हणून असंख्य माहितीपटांत दाखविलीं गेलीं आहेत, व २०१३ सालच्या शताब्दीच्या वेळीं तर घरोघर दिसलीं. परंतु फाळक्यांनीं हाच चित्रपट १९१७ सालीं फिरून तयार केला होता. बैलगाडींतून नेतांना उन्हाच्या तापानें मूळ प्रत पेटली व म्हणून त्यांस तो पुन्हां घ्यावा लागला, अशी हकीकत सांगतात. 'सत्यवादी राजा हरिश्चंद्र' या नांवाचा हा दुसरा चित्रपट २,९४४ फूट लांब होता, व एप्रिल १९१७ मध्यें पुण्याच्या आर्यन सिनेमांत दाखविला गेला. हयात रिळें या दुसऱ्या चित्रपटाचीं आहेत असें मत संग्रहालयाचे एक माजी संचालक सुरेश छाब्रिया यांच्यासारख्या जाणकारांनीं मांडलें आहे. घोटाळ्यांत भर म्हणून त्याच १९१७ सालीं कलकत्त्याच्या मदन यांच्या कंपनीनेंहि 'सत्यवादी राजा हरिश्चंद्र' याच नांवाचा चित्रपट काढला. म्हणजे जाहिरातींतील केवळ नांवावरून निर्णय करूं म्हणावें, तर तेंहि साधत नाहीं.

हा प्रश्न शुद्ध प्रतचिकित्सेचा आहे. एका ग्रंथाच्या दोन शाखा, एका शाखेचीं मधलीं पानें गहाळ, आदर्शप्रत नष्ट. भांडारकर संस्थेंत डॉ. विष्णु सीताराम सुखटणकर यांनीं महाभारताच्या संपादनांत जी शिस्त लावून दिली, तीच येथें लागू केली पाहिजे. समकालीन जाहिरातींतील कथासार, पात्रांची यादी, फुटांचा हिशेब व रिळांतील प्रत्यक्ष दृश्यें हीं शेजारीं शेजारीं मांडून पाहावीं, आणि जेथें पुरावा दोहोंपैकीं एकाकडे निर्णायकपणें झुकत नाहीं तेथें तसें लिहावें. प्रस्तुत लेखकाच्या मतें आज या चित्राखालीं 'फाळके-कृत हरिश्चंद्र. १९१३ किंवा १९१७' इतकेंच लिहिणें न्याय्य होय. फाळक्यांचें आद्यत्व यामुळें रतिमात्र कमी होत नाहीं. तें कोरोनेशन सिनेमांतील खेळानें सिद्ध आहे. हातीं आलेल्या रिळांचा वयोनिर्णय ही अगदीं निराळी गोष्ट आहे.

(५) कसोट्या

नैयायिकांच्या परिभाषेंत बोलावयाचें तर चलच्चित्र पाहणारास प्रत्यक्ष प्रमाणासारखें वाटतें, व तेथेंच तो फसतो. पडद्यावर मिरवणूक दिसते हें प्रत्यक्ष. परंतु ती अमुक गांवची, अमुक तारखेची, हें मथळा सांगतो. मथळा हें शब्दप्रमाण, आणि शब्दाचें प्रामाण्य वक्त्याच्या आप्तत्वावर अवलंबून. मथळा कोणीं, केव्हां व कोणत्या हेतूनें लिहिला हें न पाहतां चित्रावर विश्वास ठेवणें म्हणजे सनदेचा शिक्का पाहून मजकूर न वाचण्यासारखें आहे. ब्रिटिश पाथे या कंपनीनें २०१४ सालीं आपलीं सुमारें ८५,००० वृत्तचित्रें सर्वांस पाहण्यास खुलीं केलीं, हा मोठाच उपकार झाला. पण मूळचे मथळे लंडनच्या प्रेक्षकांसाठीं लिहिलेले आहेत, हें तेथें भारताविषयीं शोध करणारानें विसरूं नये.

यास्तव चार कसोट्या सुचवाव्याशा वाटतात. पहिली, फितीच्या कडेची तपासणी. ईस्टमन कोडॅक कंपनी १९१६ पासून फितीच्या कडेवर वर्तुळ, चौकोन, त्रिकोण अशा खुणा छापून फीत कोणत्या वर्षीं तयार झाली तें दर्शवी. कागदावरील जलचिन्हासारखीच ही खूण. मात्र तीच खूण २० वर्षांनीं पुन्हां येते. आणि फितीवरून फीत उतरवितांना मूळची खूण नव्या फितीवर उमटूं शकते. जुन्या पोथीची पुष्पिका शकासुद्धां जशीच्या तशी उतरून घेणारा लेखक आपणां सर्वांच्या परिचयाचा आहे. येथें तें काम यंत्र करतें. दुसरी, पिढीचा निर्णय. मूळ निगेटिव्ह, तीवरून काढलेली प्रत, त्या प्रतीची प्रत, असा वंशवृक्ष जमेल तितका लावावा. तिसरी, घडलेलें व घडविलेलें यांतील भेद. पहिल्या महायुद्धांतील 'सोमची लढाई' (१९१६) या चित्रपटांत सैनिक खंदकांतून बाहेर पडतात तें सुप्रसिद्ध दृश्य रणांगणावर घेतलेलें नसून मुद्दाम रचून घेतलेलें आहे. आयझेनस्टाइनच्या 'ऑक्टोबर' (१९२८) या नाट्यपटांतील राजवाड्यावरील हल्ला कित्येकदां खऱ्या क्रांतीचें चित्र म्हणून दाखविला गेला आहे. प्रक्षिप्त श्लोक मूळ संहितेंत शिरतो तो असाच, वारंवार उद्धृत झाल्यानें. चौथी, अधिकार व ताबा यांचा विवेक. आपल्या कायद्याप्रमाणें चित्रपटावरील स्वामित्वहक्क प्रकाशनानंतर ६० वर्षांनीं संपतो. परंतु एकुलती एक प्रत ज्याच्या कपाटांत, त्याची मर्जी मात्र संपत नाहीं. प्रत दाखवावयासहि जो नाकारतो, तो तिचा रक्षक म्हणवून घेण्यास पात्र नाहीं. पोथ्यांच्या बाबतींत हा वाद आपण पुष्कळ ऐकला आहे.

चित्र घेणारानेंहि एक बंधन पाळावें. जें चित्र त्या प्रसंगाचें नाहीं तें त्या प्रसंगाचें म्हणून दाखवूं नये. सोलापुरच्या १९३० च्या चळवळीचें चित्र मिळालें नाहीं म्हणून मुंबईचा जमाव दाखविला, तर प्रेक्षकास कळणार नाहीं हें खरें. परंतु पन्नास वर्षांनीं त्याच माहितीपटावरून कोणी सोलापुरचें चित्र म्हणून तो तुकडा उचलील, आणि मग ती चूक निस्तरणें कोणाच्याहि हातचें राहणार नाहीं. चित्र नसेल तेथें पडदा काळा ठेवावा. गहाळ पानाच्या जागीं आपणहि कोरी जागाच सोडतों.

(६) संग्राहकांस विनंति

शेवटीं या त्रैमासिकाच्या वाचकांस दोन शब्द. संस्थानी वाड्यांतून, जुन्या चित्रगृहांच्या माळ्यांवरून, तंबूंतून खेळ करणाऱ्यांच्या वारसांकडे व हौशी छायाचित्रकारांच्या घरीं पत्र्याचे गोल डबे अद्यापि असण्याचा संभव आहे. दप्तरें शोधावयास आपण जेथें जातों तेथेंच हे डबे असतात. आजवर आपण ते पाहून बाजूस सारीत आलों. यापुढें तसें करूं नये. डब्यावरील चिठ्ठी, कडेवरील खूण, फितीची रुंदी, मालकाचें नांव व तो डबा तेथें कसा आला याची हकीकत टिपून घ्यावी; चिठ्ठी फाटकी असली तरी काढून टाकूं नये. फीत यंत्रावर चढवून पाहण्याचा मोह कटाक्षानें टाळावा, कारण जुनी नायट्रेट फीत पेटली तर चित्र व घर दोन्ही जातील. डबा थंड व कोरड्या जागीं, दिव्यापासून दूर ठेवून पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयास कळवावें. २०२२ पासून तें राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाच्या अधीन आहे. आणि त्या टिपणाची एक नक्कल आपल्या मंडळाकडेहि धाडावी.

सावेदादांनीं घेतलेलें रँग्लर परांजप्यांचें चित्र कोठें तरी शिल्लक असेल अशी आशा बाळगणें धाडसाचें आहे. तथापि कागदांच्या बाबतींत आशा सोडून दिलेले रुमाल वाण्याच्या रद्दींतून निघाल्याचीं उदाहरणें या मंडळाच्या सभासदांस ठाऊक आहेत. फिती मात्र कागदाइतका धीर धरीत नाहींत. वाळवी पोथीचा समास खाऊन मजकूर पुष्कळदां राखते. नायट्रेट एकदां भुगा झाला म्हणजे समासहि नाहीं व मजकूरहि नाहीं. ज्यांस हें काम करावयाचें त्यांनीं आजच हातीं घ्यावें हें उत्तम. अलं विस्तरेण.